हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावे दादा (१५ मार्च, १८६८ – २० फेब्रुवारी, १९५८) हे मराठी छायाचित्रकार, चलच्चित्रकार व चित्रपट-प्रदर्शक होते. चलच्चित्रणाचा कॅमेरा हाती घेऊन चित्रण करणारे पहिले भारतीय म्हणून चित्रपटाच्या इतिहासात त्यांची नोंद घेतली जाते. इ.स. १८९९मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डन येथे त्यांनी चित्रित केलेली कुस्ती हा भारतीय व्यक्तीने तयार केलेल्या अनुबोधपटांपैकी सर्वांत जुना मानला जातो. केंब्रिज विद्यापीठात सीनिअर रँग्लर ठरलेले रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे १९०१च्या अखेरीस मायदेशी परतले. त्यांच्या स्वागताचे भाटवडेकरांनी केलेले चित्रण हे भारतीय वार्तापटाच्या आरंभीच्या नमुन्यांपैकी एक समजले जाते. त्यांची एकही फीत आज उपलब्ध नाही.

पार्श्वभूमी

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस मुंबई हे छायाचित्रणाचे एक महत्त्वाचे केंद्र होते. शहरात छायाचित्रांचे स्टुडिओ होते आणि काचा, कागद, रसायने व उपकरणे विलायतेहून मागवणारे व्यापारीही होते. पडद्यावर प्रकाशाने चित्र दाखवण्याची कल्पना मराठी प्रेक्षकांना नवी नव्हती. कल्याणचे महादेव गोपाळ पटवर्धन यांनी १८९२च्या सुमारास शांबरिक खरोलिका या नावाने जादूच्या दिव्याचे खेळ सुरू केले होते. काचेवर रंगवलेली चित्रे एकामागून एक सरकवून त्यांत हालचालीचा भास निर्माण केला जाई आणि त्याला निवेदन व संगीताची जोड असे. या खेळांमुळे अंधारात बसून पडद्याकडे पाहण्याची सवय प्रेक्षकांना चित्रपटाच्या आधीच लागली होती.

पॅरिसमध्ये २८ डिसेंबर, १८९५ रोजी लुमिएर बंधूंनी सिनेमॅटोग्राफचा पहिला सशुल्क खेळ केला. त्यानंतर सुमारे सहा महिन्यांनी, ७ जुलै, १८९६ रोजी, त्यांचे प्रतिनिधी मारियस सेस्तिए यांनी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात तो खेळ दाखवला. सेस्तिए ऑस्ट्रेलियाकडे निघाले होते व मुंबई हा त्यांच्या वाटेवरचा मुक्काम होता. प्रवेशमूल्य एक रुपया होते. त्या खेळात सहा छोट्या फिती होत्या. स्थानकात येणारी आगगाडी, कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार, पाडली जाणारी भिंत, समुद्रस्नान अशी रोजच्या जीवनातील दृश्ये त्यांत होती. पुढे हे खेळ नॉव्हेल्टी थिएटरमध्ये हलवण्यात आले. तेथे कमी दराच्या जागा ठेवण्यात आल्या आणि पडदानशीन स्त्रियांच्या बसण्याची वेगळी सोय करण्यात आली. हे खेळ ऑगस्टच्या मध्यापर्यंत चालले. या प्रेक्षकांमध्ये भाटवडेकरही होते.

छायाचित्रण व कॅमेऱ्याची खरेदी

भाटवडेकर हे व्यवसायाने छायाचित्रकार होते. चलच्चित्राचा खेळ पाहणाऱ्या बहुतेकांना पडद्यावर काय दिसते याचे कुतूहल होते. ते चित्र कोणत्या यंत्राने घेतले जाते हा प्रश्न छायाचित्रकाराला अधिक महत्त्वाचा वाटणे स्वाभाविक होते. भाटवडेकरांनी इंग्लंडमधील रायली ब्रदर्स या ब्रॅडफर्ड येथील कंपनीचा चलच्चित्रणाचा कॅमेरा मागवला. त्याची किंमत २१ गिनी होती. एक गिनी म्हणजे २१ शिलिंग. म्हणजे ही रक्कम २२ पौंड १ शिलिंग इतकी होते. रुपयाच्या तत्कालीन दराने, म्हणजे एका पौंडाला १५ रुपये धरून, कॅमेऱ्यासाठी सुमारे ३३० रुपये मोजावे लागले. फितीचा, धुलाईचा व वाहतुकीचा खर्च यात धरलेला नाही.

त्या काळचे कॅमेरे लाकडी पेटीसारखे असत व तिपाईवर उभे करून हाताने दांडा फिरवून चालवले जात. दांडा एकसारख्या गतीने फिरवणे हे चित्रणकाराचे मुख्य कौशल्य होते. गती कमी झाली तर पडद्यावर माणसे धावू लागत आणि वाढली तर संथ होत. पस्तीस मिलिमीटर फितीच्या एका फुटात १६ चौकटी येतात. सेकंदाला सुमारे १६ चौकटी या गतीने ५० फुटांची फीत पन्नास सेकंदांत संपत असे. त्यामुळे काय टिपायचे, कोठे उभे राहायचे आणि कोणत्या क्षणी दांडा फिरवायला सुरुवात करायची हे आधीच ठरवावे लागे. कृत्रिम दिव्यांची पुरेशी सोय नसल्याने चित्रण उघड्यावर, भरपूर सूर्यप्रकाशातच करावे लागत असे.

पहिले चित्रण

नोव्हेंबर १८९९मध्ये भाटवडेकरांनी मलबार हिलवरील हँगिंग गार्डन येथे पुंडलिक दादा व कृष्णा न्हावी या दोन मल्लांची कुस्ती चित्रित केली. हे दोघेही त्या काळी मुंबईत नावाजलेले पैलवान होते. हँगिंग गार्डन ही बाग १८८१मध्ये पाण्याच्या साठवण टाकीवर तयार करण्यात आली होती. टेकडीवरची ही जागा मोकळी असून तेथे उजेड मुबलक होता.

कुस्ती हा विषय तत्कालीन यंत्राच्या मर्यादांना साजेसा होता. कॅमेरा एकाच जागी स्थिर असे, त्याला वळवण्याची सोय फारशी नव्हती आणि चौकट अरुंद होती. आगगाडी किंवा घोडा चौकटीतून क्षणात निघून जातो. दोन मल्ल मात्र थोड्याशा जागेत सतत हालचाल करत राहतात व पूर्ण शरीरानिशी दिसतात. शिवाय कुस्ती समजण्यासाठी प्रेक्षकाला भाषेची वा कथेची गरज नव्हती. आखाड्यातील डाव-पेच महाराष्ट्रातील सर्व थरांतील लोकांना परिचित होते. मूक फितीसाठी याहून सोयीचा विषय सापडणे कठीण होते.

चित्रित केलेली फीत धुण्यासाठी लंडनला पाठवण्यात आली. मुंबईहून विलायतेला टपाल पोहोचण्यास त्या काळी दोन ते तीन आठवडे लागत व परतीलाही तेवढाच वेळ जाई. या अवधीत चित्र उमटले आहे की नाही, उजेड पुरेसा होता की नाही, हे कळण्याचा कोणताही मार्ग चित्रणकाराजवळ नव्हता. चूक झाली असल्यास ती काही महिन्यांनी पडद्यावरच दिसत असे. तोपर्यंत तो प्रसंग निघून गेलेला असे.

भाटवडेकरांची दुसरी फीत माकडांना शिकवणाऱ्या माणसावर होती. इंग्रजी सूचींमध्ये तिची नोंद माणूस आणि माकड अशा अर्थाच्या नावाने आढळते. रस्त्यावर वा खेळात माकडांकडून कसरती करवून घेणारा मदारी हे तत्कालीन शहरी व ग्रामीण जीवनातील नेहमीचे दृश्य होते. पहिल्या फितीत नामवंत मल्ल होते. दुसऱ्या फितीत ज्याची दखल कोणी घेत नसे असा माणूस होता. दोन्ही फितींत रचलेली कथा नव्हती आणि नटही नव्हते.

प्रदर्शक म्हणून कार्य

लंडनहून फीत परत येईपर्यंत भाटवडेकरांनी प्रक्षेपक मिळवला होता व ते परदेशी फितींचे खेळ करू लागले होते. त्या काळी चित्रपटगृहे अस्तित्वात नव्हती. खेळ नाट्यगृहांत, सभागृहांत किंवा मैदानावर उभारलेल्या तंबूत होत. प्रदर्शक स्वतःच यंत्र चालवत, जाहिरात करत व तिकिटे विकत. एका खेळात अनेक छोट्या फिती लागोपाठ दाखवल्या जात. भाटवडेकरांनी आपल्या फिती विलायती फितींच्या जोडीने अशाच खेळांत दाखवल्या. विलायतेतील रस्ते व समुद्रकिनारे पाहण्यासाठी आलेल्या प्रेक्षकांना त्याच पडद्यावर आपल्याकडचे मल्ल व आपल्याकडचा मदारी दिसला.

प्रदर्शन व चित्रण ही दोन्ही कामे एकाच व्यक्तीने करणे हे जगभरच्या आरंभीच्या चित्रपटव्यवसायाचे वैशिष्ट्य होते. आपल्या गावातील ओळखीचे ठिकाण किंवा ओळखीची माणसे पडद्यावर दाखवली की गर्दी वाढते, हे युरोपातील फिरत्या प्रदर्शकांच्याही लक्षात आले होते.

रँग्लर परांजपे यांचे आगमन

भाटवडेकरांच्या कामाचा पुण्याशी आलेला संबंध रँग्लर परांजपे यांच्यामुळे आला. रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे यांचा जन्म १६ फेब्रुवारी, १८७६ रोजी दापोली तालुक्यातील मुर्डी या गावी झाला. महर्षी धोंडो केशव कर्वे हे त्यांचे आतेबंधू होते. पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात शिक्षण घेऊन ते केंब्रिजच्या सेंट जॉन्स महाविद्यालयात गेले. १८९९मध्ये गणिताच्या ट्रायपॉस परीक्षेत त्यांनी जॉर्ज बर्टविसल यांच्यासह प्रथम स्थान मिळवले. सीनिअर रँग्लर ठरलेले ते पहिले भारतीय होत. भारतीय विद्यार्थ्याने राज्यकर्त्यांच्या सर्वांत कठीण समजल्या जाणाऱ्या परीक्षेत पहिले यावे, ही घटना केवळ शैक्षणिक राहिली नाही. वृत्तपत्रांनी ती देशभर पोहोचवली व सुशिक्षित समाजात तिच्याकडे राष्ट्रीय अभिमानाचा विषय म्हणून पाहिले गेले.

परांजपे १९०१च्या अखेरीस भारतात परतले. मुंबईत त्यांचे स्वागत झाले तेव्हा भाटवडेकरांनी ते चित्रित केले. कुस्ती व माकडांच्या खेळात चित्रणकार विषयाची निवड करून जागा ठरवू शकत होता. येथे मात्र प्रसंग त्याच्या हातात नव्हता. गर्दी, वेळ व उजेड यांपैकी कशावरही नियंत्रण नसताना घडणारी गोष्ट घडत असतानाच टिपायची होती. या कारणामुळे हे चित्रण भारतीय वार्तापटाचा आरंभ मानले जाते. सरकारी समारंभ नसलेल्या, एका भारतीय विद्वानाच्या सन्मानाच्या प्रसंगी भारतीय चित्रणकाराने कॅमेरा लावणे हे त्याचे दुसरे महत्त्व होय.

याच सुमारास ब्रिटिश पार्लमेंटचे सभासद सर मंचरजी भावनगरी यांच्या मुंबईतील आगमनाचे, तसेच पारशी समाजाच्या आतश बेहराम या अग्निमंदिराशी संबंधित चित्रणही भाटवडेकरांच्या नावे नोंदलेले आहे.

परांजपे यांनी जास्त वेतनाच्या नोकऱ्या न स्वीकारता डेक्कन एज्युकेशन सोसायटीचे आजीव सभासदत्व पत्करले. या संस्थेच्या सभासदांनी अल्प वेतनावर वीस वर्षे सेवा करण्याचा नियम होता. १९०२मध्ये ते फर्ग्युसन महाविद्यालयाचे प्राचार्य झाले व दोन दशकांहून अधिक काळ त्या पदावर राहिले. पुढे त्यांच्या कुटुंबाचा चित्रपटाशी पुन्हा संबंध आला. त्यांच्या कन्या शकुंतला परांजपे यांनी पुण्यातील प्रभात फिल्म कंपनीच्या १९३७च्या कुंकू या चित्रपटात भूमिका केली आणि नात सई परांजपे या नामवंत चित्रपट-दिग्दर्शिका झाल्या. परांजपे यांचे निधन ६ मे, १९६६ रोजी पुणे येथे झाले.

दिल्ली दरबार

सातवे एडवर्ड यांच्या राज्यारोहणाच्या निमित्ताने व्हाइसरॉय लॉर्ड कर्झन यांनी १ जानेवारी, १९०३ रोजी दिल्ली येथे दरबार भरवला. सम्राट स्वतः आले नाहीत. त्यांचे बंधू ड्यूक ऑफ कॅनॉट उपस्थित होते. हत्तींची मिरवणूक, संस्थानिकांचा लवाजमा व लष्करी संचलन यांमुळे हा सोहळा चित्रणाच्या दृष्टीने आकर्षक होता आणि विलायती कंपन्यांनीही त्याचे चित्रण केले. भाटवडेकरांनी या दरबाराचे चित्रण केले व ती फीत त्यांच्या ज्ञात कामांतील शेवटची महत्त्वाची फीत ठरली.

परांजपे यांचे स्वागत आणि दिल्ली दरबार या दोन चित्रणांत साधारण एका वर्षाचे अंतर आहे. एकात परक्या सत्तेच्या विद्यापीठात यश मिळवून परतलेला सामान्य घरातील तरुण आहे. दुसऱ्यात त्या सत्तेचे वैभव आहे. दोन्ही ठिकाणी चित्रणकार एकच होता. यावरून भाटवडेकरांच्या राजकीय मतांविषयी निष्कर्ष काढता येत नाही. जे लोकांना पाहावेसे वाटते ते टिपून लोकांना दाखवणे हा त्यांचा व्यवसाय होता. मात्र या दोन फितींवरून चलच्चित्रणाचा पुढील काळातील दुहेरी उपयोग दिसून येतो. राज्यकर्त्यांनी समारंभांच्या चित्रणाचा प्रचारासाठी वापर केला, तर १९०५च्या वंगभंगविरोधी चळवळीपासून भारतीय चित्रणकारांनी राजकीय सभा व मिरवणुकाही टिपल्या.

गेइटी थिएटर व उत्तरायुष्य

दरबारानंतरच्या वर्षांत भाटवडेकर चित्रणापासून दूर होत गेले व प्रदर्शनाच्या व्यवसायात स्थिरावले. मुंबईतील बोरीबंदर स्थानकासमोरील गेइटी थिएटरचे व्यवस्थापन त्यांच्याकडे आले. १८७९मध्ये सुरू झालेले हे नाट्यगृह पुढे कॅपिटॉल सिनेमा या नावाने ओळखले जाऊ लागले. व्यावसायिक दृष्ट्या प्रदर्शनाचे काम चित्रणापेक्षा अधिक किफायतशीर होते. आयात केलेली फीत अनेक वेळा दाखवता येत असे. स्वतः चित्रण करायचे तर कच्ची फीत, विलायतेतील धुलाई व प्रवास यांचा खर्च करावा लागे आणि परतावा अनिश्चित असे.

१९१२मध्ये रामचंद्र गोपाळ तथा दादासाहेब तोरणे यांचा पुंडलिक आणि ३ मे, १९१३ रोजी दादासाहेब फाळके यांचा राजा हरिश्चंद्र मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरमध्ये प्रदर्शित झाला. त्यानंतर भारतीय चित्रपटाची वाटचाल प्रामुख्याने कथापटांच्या मार्गाने झाली. भाटवडेकर यांनी नव्वदीच्या उंबरठ्यापर्यंतचे दीर्घायुष्य अनुभवले. मूकपटांचा उदय व अस्त, १९३१मधील बोलपटाचे आगमन, स्टुडिओंचा काळ आणि १९४८मध्ये भारत सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनची स्थापना हे सर्व त्यांच्या हयातीत घडले. २० फेब्रुवारी, १९५८ रोजी त्यांचे निधन झाले.

प्रथमत्वाचा प्रश्न

भारतीय चित्रपटाचा आरंभ कोणी केला या प्रश्नाचे उत्तर चित्रपट या शब्दाच्या व्याख्येवर अवलंबून आहे. चलच्चित्रणाचा कॅमेरा वापरून प्रत्यक्ष घडणारे दृश्य टिपणाऱ्यांमध्ये भाटवडेकरांचे नाव अग्रभागी येते. याच काळात कोलकात्यात हिरालाल सेन यांनी रॉयल बायोस्कोप कंपनीद्वारे चित्रण व प्रदर्शन सुरू केले होते. नाटकांतील प्रवेश, जाहिराती व राजकीय सभा यांचे विपुल चित्रण त्यांनी केले. मुंबईत एफ. बी. ठाणावाला यांनी १९००च्या सुमारास मुंबईची दृश्ये व ताबुतांची मिरवणूक चित्रित केली. तोरणे यांचा पुंडलिक हे रंगमंचावरील नाटकाचे चित्रण होते. संपूर्ण कथा पडद्यासाठी रचून, त्यासाठी नट, वेशभूषा, देखावे व प्रयोगशाळा उभी करून चित्रपटनिर्मितीचा व्यवसाय स्थापन करण्याचे श्रेय फाळके यांना दिले जाते. फाळके यांना भारतीय चित्रपटसृष्टीचे जनक म्हणण्यात आणि भाटवडेकरांना पहिले भारतीय चित्रणकार म्हणण्यात त्यामुळे विसंगती नाही.

फाळके यांचीही सुरुवात निरीक्षणात्मक लघुपटाने झाली हे येथे लक्षात घेण्याजोगे आहे. राजा हरिश्चंद्रसाठी भांडवल मिळवण्याआधी १९१२मध्ये त्यांनी कुंडीतील वाटाण्याच्या रोपाची वाढ ठरावीक अंतराने एकेक चौकट घेऊन चित्रित केली. अंकुराची वाढ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या छोट्या फितीने भांडवलदाराची खात्री पटली व पुढील कार्य शक्य झाले.

अनुबोधपटाच्या परंपरेतील स्थान

भाटवडेकरांनी चित्रण केले तेव्हा अनुबोधपट ही संज्ञा अस्तित्वात नव्हती. त्याचा इंग्रजी प्रतिशब्द चित्रपटाच्या संदर्भात १९२६मध्ये जॉन ग्रिअर्सन यांच्या लेखनातून रूढ झाला. तरीही रचलेल्या कथेऐवजी काम करणारी, खेळणारी वा रस्त्यावरून जाणारी माणसे पाहणे हा या प्रकाराचा गाभा त्यांच्या फितींत आढळतो.

दुसऱ्या महायुद्धाच्या सुमारास व त्यानंतर इटलीमध्ये हा प्रकार जाणीवपूर्वक विकसित झाला. मायकेलअँजेलो अँतोनिओनी यांनी पो नदीकाठच्या लोकांवरील लघुपटाचे चित्रण १९४३मध्ये केले. युद्धाच्या धामधुमीत त्यातील बराच भाग खराब झाला व उरलेल्या चित्रणातून तो १९४७मध्ये पूर्ण करण्यात आला. १९४८च्या एन. यू. या लघुपटात त्यांनी रोममधील सफाई कामगारांचा पहाटेपासूनचा दिवस दाखवला. सुमारे अकरा-बारा मिनिटांच्या या लघुपटात कामगारांविषयी उपदेश नाही व त्यांच्या जीवनाची रचलेली कथाही नाही. नंतरच्या दशकात व्हित्तोरियो दे सेता यांनी सिसिलीतील मच्छीमार व खाणकामगार यांच्यावर निवेदनाविना लघुपट केले.

या इटालियन लघुपटांचा भाटवडेकरांच्या फितींशी थेट संबंध नाही व दोहोंची तुलना एका मर्यादेपर्यंतच करता येते. अँतोनिओनी यांच्याकडे संकलन, ध्वनी व संगीत होते. कोणते दृश्य कोणत्या दृश्यानंतर ठेवायचे यातून ते अर्थ निर्माण करत. भाटवडेकरांकडे मोजक्या सेकंदांचे एकसलग दृश्य होते. दुर्लक्षित माणसाकडे त्याचे काम चालू असताना पाहणे हे दोहोंतील साम्य होय. मदारी आणि झाडूवाला हे दोघेही शहरात रोज दिसतात व म्हणूनच न पाहिलेले राहतात. इटालियन चित्रकर्त्यांनी ही निवड विचारपूर्वक केली. भाटवडेकरांच्या बाबतीत उपलब्ध साधनांनी व उजेडाने ती निवड घडवली असावी.

इटलीतील नववास्तववादी चित्रपटांची ओळख भारतीय चित्रकर्त्यांना मोठ्या प्रमाणावर झाली ती जानेवारी १९५२मध्ये मुंबईत सुरू झालेल्या पहिल्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात. फिल्म्स डिव्हिजनने आयोजित केलेल्या या महोत्सवात व्हित्तोरियो दे सिका यांचा बायसिकल थीव्ह्ज दाखवण्यात आला. प्रत्यक्ष स्थळी, नैसर्गिक उजेडात, व्यावसायिक नट नसलेल्या माणसांचे चित्रण करण्याच्या त्या पद्धतीचा भारतीय चित्रपटावर दीर्घकाळ प्रभाव राहिला. त्याच मुंबईत अर्धशतकापूर्वी भारतीय चित्रणाचा आरंभ उघड्यावर व नटांविना झाला होता, ही गोष्ट मात्र तोपर्यंत विस्मृतीत गेली होती.

फितींचा नाश

भाटवडेकरांची एकही फीत टिकली नाही याची कारणे त्या काळच्या साधनांत व व्यवहारात आहेत. तत्कालीन फीत सेल्युलोज नायट्रेटची असे. हा पदार्थ अत्यंत ज्वालाग्राही असून काळाच्या ओघात आपोआप विघटित होतो. उष्ण व दमट हवेत ही क्रिया अधिक वेगाने घडते. हिरालाल सेन यांच्या बहुतेक फिती १९१७मध्ये लागलेल्या आगीत नष्ट झाल्या. याशिवाय जुनी फीत निरुपयोगी समजली जाई व तिच्यातील चांदी काढून घेण्यासाठी ती विकली जाई. वारंवार दाखवल्यामुळे फिती झिजत व तुटत. नवे खेळ आल्यावर जुन्या फिती जपून ठेवण्याचे व्यापारी कारण उरत नसे. भारतात तयार झालेल्या तेराशेहून अधिक मूकपटांपैकी फारच थोडे, तेही बहुतांशी त्रुटित स्वरूपात, आज उपलब्ध आहेत.

चित्रपट जतन करण्यासाठी पुणे येथे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची स्थापना फेब्रुवारी १९६४मध्ये झाली. भाटवडेकरांच्या निधनानंतर सहा वर्षांनी आणि त्यांच्या पहिल्या चित्रणानंतर चौसष्ट वर्षांनी ही संस्था अस्तित्वात आली. प. कृ. नायर यांच्या प्रयत्नांमुळे फाळके यांच्या चित्रपटांचे उपलब्ध भाग तेथे जमा झाले. भाटवडेकरांच्या फिती शोधण्यास तोपर्यंत उशीर झाला होता. परांजपे यांचे कार्यक्षेत्र असलेल्या शहरातच देशाचा चित्रपटसंग्रह आहे. परंतु त्यांच्या आगमनाची फीत त्या संग्रहात असू शकत नाही.

वारसा

भाटवडेकरांचे स्थान त्यांच्या फितींवरून नव्हे, तर सूची, जाहिराती व इतिहासग्रंथांतील नोंदींवरून ठरले आहे. त्यामुळे त्यांच्या चित्रणाच्या गुणवत्तेविषयी मत व्यक्त करता येत नाही. मल्लांपैकी कोण जिंकला, मदाऱ्याचा चेहरा कसा होता, परांजपे यांनी गर्दीकडे कसे पाहिले, हे पाहण्याची संधी पुढील पिढ्यांना मिळाली नाही. त्यांचे कार्य मात्र दोन बाबतींत निश्चित आहे. परदेशी यंत्र हे केवळ परदेशी दृश्ये पाहण्यासाठी नसून आपले जीवन टिपण्यासाठीही वापरता येते हे त्यांनी प्रथम दाखवून दिले. तसेच भारतीय चित्रपटाचा आरंभ पुराणकथांतील देवादिकांपूर्वी आखाड्यातील, रस्त्यावरील व गर्दीतील माणसांच्या चित्रणाने झाला ही वस्तुस्थिती त्यांच्या नावाशी जोडलेली आहे.

पुण्यातील प्रभात स्टुडिओच्या जागेवर १९६०मध्ये फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. छोट्या लांबीचे वास्तवदर्शी चित्रण हा तेथील विद्यार्थ्यांच्या शिक्षणाचा नेहमीचा भाग राहिला आहे. चित्रपटाच्या इतिहासाच्या अभ्यासक्रमात सावे दादांचा उल्लेख फाळके यांच्या आधी येतो.

ज्ञात चित्रणे

- कुस्ती (१८९९) – हँगिंग गार्डन, मुंबई येथील पुंडलिक दादा व कृष्णा न्हावी यांची कुस्ती
- माणूस आणि माकड (१८९९) – माकडांना शिकवणाऱ्या माणसाचे चित्रण
- सर मंचरजी भावनगरी यांचे आगमन (१९०१)
- आतश बेहराम (१९०१)
- रँग्लर परांजपे यांचे स्वागत (१९०१च्या अखेरीस)
- लॉर्ड कर्झन यांचा दिल्ली दरबार (१९०३)